'विविक्त' : एका विशेषणाचा अर्थ आणि वापर

(हीरक महोत्सवी व्याख्यानमालेतील भाषण)



शाळेच्या साठ वर्षांच्या वाटचालीविषयी बोलण्यास माझ्यापेक्षा अधिक अधिकारी मंडळी या व्यासपीठावर आहेत. संयोजकांनी मला विषय निवडण्याची मोकळीक दिली, तेव्हा मी केवळ एक शब्द निवडला. तो शब्द मी या शाळेत अनेक वर्षे शिकवला, आणि त्यांतली काही वर्षे चुकीचा शिकवला. साठीच्या समारंभात आपल्या चुकीची कबुली देणे कोणास अप्रस्तुत वाटेल. परंतु शिक्षकाच्या चुका त्याच्यापाशी राहत नाहीत, त्या विद्यार्थ्यांबरोबर गावोगाव जातात. म्हणून हे परिमार्जन येथेच करणे मला योग्य वाटते.

नर्मदेकाठच्या या शहरात आपली मुले दहावीपर्यंत मराठीतून शिकतात आणि पुढे हिंदी किंवा इंग्रजी माध्यमाच्या वर्गांत जातात. त्यांना पुढे अडचण येऊ नये म्हणून दहावीच्या अखेरीस मी गणिताच्या परिभाषेचे एक टिपण देत असे. त्यात 'विविक्त' हा शब्द होता. इंग्रजीतील 'डिस्क्रीट' या संज्ञेसाठी हिंदी शास्त्रीय परिभाषेत हाच शब्द रूढ आहे आणि मराठीतही तो वापरतात. एका चाचणीत मी त्याचा अर्थ विचारला. एका मुलीने लिहिले, 'ज्यांचा एकमेकांशी काहीही संबंध नसतो अशा वस्तू.' मी बरोबरची खूण केली आणि पूर्ण गुण दिले.

तीन वर्षांनी दिवाळीच्या सुट्टीत ती घरी आली. म्हणाली, "सर, एक, दोन, तीन या संख्या विविक्त आहेत, असे आमच्या पुस्तकात आहे. पण दोन एकाच्या पाठोपाठच येतात आणि तीन दोनाच्या. इतका घट्ट संबंध असताना यांचा संबंध नाही, असे कसे म्हणायचे?"

मला चटकन उत्तर देता आले नाही. तिने चाचणीत लिहिलेला अर्थ चुकीचा होता, आणि तो बरोबर आहे असे मीच तिला सांगितले होते.

आता या शब्दाच्या मुळाशी जाऊ. 'विविक्त' हे संस्कृत विशेषण 'वि' या उपसर्गापासून आणि 'विच्' या धातूपासून झाले आहे. 'विच्' म्हणजे निवडून वेगळे करणे. धान्य पाखडून भूस बाजूला काढणे हा त्याचा जुना अर्थ. आपल्या आज्या अंगणात सूप घेऊन जे करीत, तेच या धातूत आहे. याच धातूपासून 'विवेक' आणि 'विवेचन' हे शब्द आले. सार कोणते आणि असार कोणते हे पाखडून पाहणारी बुद्धी म्हणजे विवेक. संस्कृत वाङ्मयात 'विविक्त' हा शब्द एकांत स्थळासाठीही येतो. भगवद्गीतेच्या तेराव्या अध्यायात ज्ञानाची लक्षणे सांगताना तो याच अर्थाने आला आहे. अमरकोशाने त्याचे पवित्र आणि निर्जन असे दोन अर्थ दिले आहेत. पाखडून स्वच्छ झालेले ते पवित्र, आणि गर्दीतून बाजूला काढलेले ते निर्जन.

इंग्रजी शब्दाची कुळकथाही अशीच आहे. तो लॅटिनमधून आला, आणि तेथील मूळ क्रियापदाचा अर्थही चाळणे, वेगळे करणे असाच आहे. त्या एकाच मुळापासून इंग्रजीत उच्चाराने सारखे आणि लेखनाने निराळे असे दोन शब्द झाले. एकाचा अर्थ सुटे सुटे. दुसऱ्याचा अर्थ समंजस, कोठे काय बोलावे हे जाणणारा. म्हणजे आपल्याकडे जसे 'विविक्त' आणि 'विवेकी', तसेच तिकडे. एकीकडे सूप, दुसरीकडे चाळणी, काम एकच. एवढे कळल्यावर मला माझ्या चुकीचे स्वरूप दिसू लागले. पाखडलेले दाणे एकमेकांपासून सुटे असतात. ते एकाच शेतातले नाहीत, असे मात्र कोणी म्हणत नाही.

तेव्हा शास्त्रात या विशेषणाचा नेमका अर्थ काय? ज्या राशीच्या किमती सुट्या असतात आणि एका किमतीवरून पुढच्या किमतीवर जाताना मध्ये काहीच लागत नाही, ती राशी विविक्त. वर्गातील मुलांची संख्या एकतीस असेल किंवा बत्तीस असेल. मधली असणार नाही. मुलांची उंची मात्र सलग वाढते. एकशे चाळीस सेंटिमीटरवरून एकशे एकेचाळीसवर जाताना मूल मधल्या प्रत्येक उंचीतून जाते. पहिली राशी विविक्त, दुसरी संतत.

येथे विद्यार्थी आणखी एक गैरसमज करून घेतात की, विविक्त म्हणजे पूर्णांक. बुटांची मापे पाहा. सहा, साडेसहा, सात अशी मापे असतात. साडेसहा हा पूर्णांक नाही, तरी मापे विविक्तच आहेत. कारण साडेसहा आणि सात यांच्यामध्ये दुकानात दुसरे माप मिळत नाही. पायाची लांबी संतत आणि बुटाचे माप विविक्त, म्हणूनच नवा बूट कोठेतरी चावतो!

थोड्या वरच्या वर्गातील मुलांसाठी एक उदाहरण देतो. एक, एकद्वितीयांश, एकतृतीयांश, एकचतुर्थांश अशा अपूर्णांकांची न संपणारी रांग घ्या. त्यातील प्रत्येक बिंदूभोवती थोडी तरी मोकळी जागा आहे, म्हणून हा संच विविक्त आहे. आता त्यात फक्त शून्य मिळवा. शून्याभोवती कितीही लहान अंतर घ्या, त्यात या रांगेतील बिंदू असतातच. जुना एकही बिंदू जागचा हललेला नाही, पण नवा संच विविक्त राहिला नाही. यावरून ध्यानात येईल की, संचाचा विविक्तपणा त्यातील प्रत्येक घटकाला भोवती मोकळी जागा आहे की नाही, यावर ठरतो. घटकांच्या नात्याविषयी तो काहीच सांगत नाही.

संगीताच्या जाणकारांना हे अधिक सहज पटेल. पेटीवरचे स्वर विविक्त आहेत. एका पट्टीवरून बोट उचलून दुसऱ्या पट्टीवर ठेवावे लागते. गायकाची मींड संतत आहे. ती एका स्वरावरून दुसऱ्या स्वरावर मधल्या सर्व श्रुती ओलांडत जाते. पण पेटीचे स्वर सुटे आहेत म्हणून त्यांच्यात नाते नाही, असे कोणी म्हणेल काय? षड्ज आणि पंचम यांच्या नात्यावर तर आपले सारे संगीत उभे आहे.

विद्युत उपकरणांच्या क्षेत्रातही हा शब्द आहे. ज्या मंडलात ट्रान्झिस्टर, रोधक आणि धारित्र हे स्वतंत्र सुटे भाग असतात, त्यांना तेथे 'डिस्क्रीट' भाग म्हणतात. एका चकतीत सर्व भाग एकत्र घडवलेल्या चिपहून त्यांचा वेगळेपणा दाखवण्यासाठी हे विशेषण लावतात. परंतु हे सुटे भाग तारांनी आणि डाखाने एकमेकांना पक्के जोडलेले असतात. जोडणी नसेल तर रेडिओ बोलणार नाही. येथे तर विविक्त वस्तू प्रत्यक्ष जोडलेल्या आहेत, आणि तरीही त्या विविक्त आहेत.

मला सर्वांत प्रिय असलेले उदाहरण एका शाळाशिक्षकाचे आहे. हायड्रोजन वायूचा प्रकाश लोलकातून पाहिला तर इंद्रधनुष्यासारखा सलग पट्टा दिसत नाही; सुट्या सुट्या रेषा दिसतात. त्यांतील चार ठळक रेषांच्या तरंगलांबी सुमारे ६५६, ४८६, ४३४ आणि ४१० नॅनोमीटर आहेत. या आकड्यांत वरवर पाहता काही मेळ नाही. स्वित्झर्लंडमधील बाझेल येथे मुलींच्या शाळेत गणित शिकवणारे योहान बाल्मर यांनी १८८५ मध्ये त्यांतील सूत्र शोधले. ३६४.६ ही एक संख्या घ्या. तिला अनुक्रमे नऊ भागिले पाच, सोळा भागिले बारा, पंचवीस भागिले एकवीस आणि छत्तीस भागिले बत्तीस यांनी गुणा. चारही रेषा मिळतात. अंशस्थानी तीन, चार, पाच, सहा यांचे वर्ग आहेत, आणि छेदस्थानी त्याच वर्गांतून चार वजा केलेले आहेत. या सूत्रामागचे कारण १९१३ मध्ये नील्स बोर यांनी सांगितले. अणूतील इलेक्ट्रॉनच्या ऊर्जेच्या पातळ्याच विविक्त आहेत, आणि एका पातळीवरून दुसऱ्या पातळीवर येताना ठरावीक तरंगलांबीचा प्रकाश बाहेर पडतो. बाल्मर तोवर हयात नव्हते. मुलांनो, त्या रेषा सुट्या होत्या म्हणूनच त्यांच्यातील नाते शोधावेसे वाटले. आणि आजच्या प्रसंगी हेही सांगतो की, १८८५ मध्ये बाल्मर साठ वर्षांचे होते.

आता वापराविषयी. मराठीत वेगळेपणा सांगणारे शब्द विपुल आहेत. ते एकमेकांच्या जागी टाकले की अर्थाची नासाडी होते. 'विभक्त' म्हणजे आधी एक असून नंतर वाटून वेगळे झालेले. विभक्त कुटुंब म्हणताना मागचे एकत्र कुटुंब गृहीत असते. 'खंडित' म्हणजे मोडलेले. खंडित मूर्तीत आणि खंडित वीजपुरवठ्यात उणीव सुचवलेली आहे. 'विलग' म्हणजे मुद्दाम दूर ठेवलेले. साथीच्या काळात विलगीकरण आपण सर्वांनी अनुभवले. 'असंबद्ध' म्हणजे ज्याचा मेळ बसत नाही असे, विशेषतः बोलणे. 'विविक्त' या शब्दात फूट नाही, मोडतोड नाही, दुरावा नाही. त्याला सर्वांत जवळचा घरगुती शब्द 'सुटा' हाच आहे. सुटे पैसे म्हणजे एकेक मोजून देता येणारे पैसे; त्यांची किंमत बंद्या नोटेपेक्षा कमी नसते.

म्हणून 'विविक्त राशी', 'विविक्त गणित' असे म्हणावे. 'हे दोन प्रश्न विविक्त आहेत' असे म्हणू नये. तेथे 'भिन्न' किंवा 'स्वतंत्र' हा शब्द हवा. आणि 'स्वतंत्र' हाही शब्द जपून वापरावा. नाणे एकदा उडवले तर छापा आणि काटा एकाच वेळी पडू शकत नाहीत. अनेक विद्यार्थी म्हणतात, या दोन्ही घटना स्वतंत्र आहेत. वस्तुतः छापा पडला हे कळताच काटा पडला नाही हे निश्चित होते. एकीची बातमी दुसरीविषयी सर्व काही सांगते. त्या एकमेकींना वगळतात, म्हणूनच स्वतंत्र नाहीत. दोन निराळी नाणी उडवली तर पहिल्याचा छापा दुसऱ्याविषयी काहीच सांगत नाही. तेथे 'स्वतंत्र' शोभतो. 'संबंध नाही' या दोन शब्दांखाली असे किती निरनिराळे अर्थ दडलेले असतात, आणि ते पाखडून वेगळे करणे हेच तर परिभाषेचे काम!

त्या विद्यार्थिनीला मी दुसऱ्या दिवशी पुन्हा बोलावले आणि यातील जेवढे तेव्हा मला कळले होते तेवढे सांगितले. माझी चूक झाली, हेही सांगितले. ती हसून म्हणाली, "सर, मग ते गुण परत करू का?" मी म्हटले, "गुण तुझ्यापाशीच राहू देत. तो अर्थ मात्र परत कर." त्या वर्षापासून माझ्या टिपणात 'विविक्त' या शब्दापुढे 'सुटे, पण असंबद्ध नव्हे' असे लिहिलेले असे.

मराठी शाळेत शिकून काय मिळते, असे पालक विचारतात. मी एवढेच सांगेन की, त्या मुलीला हिंदी पुस्तकात 'विविक्त' हा शब्द भेटला, तेव्हा त्याच्या शेजारी विवेक, विवेचन आणि आजीचे सूप उभे होते. म्हणून तिला शब्द पाठ करून पुढे जाता आले नाही. अर्थ अडला, आणि तिने प्रश्न विचारला. तो प्रश्न मराठीत विचारण्यासाठी ती आपल्याच शाळेच्या शिक्षकाकडे आली.

शेवटी एक गोष्ट व्यवस्थापनास सांगून थांबतो. शाळेचा पट पूर्वीसारखा राहिलेला नाही, हे आपण सारे जाणतो. अहवालात सरासरी पटसंख्या अपूर्णांकात लिहिली जाते. तसे लिहिण्यात गणिताची चूक नाही. परंतु पट ही विविक्त राशी आहे. तो एकेका मुलाने घटतो आणि एकेका मुलानेच वाढतो. तेव्हा 'पट कमी झाला' असे म्हणण्याऐवजी कोणते मूल आले नाही, ते कोणाच्या घरचे, आणि त्याच्या घरी जाऊन कोण विचारणार, हे प्रश्न आपण एकेक करून विचारावेत, अशी माझी विनंती आहे.