गाण्याचा क्रमांक आणि गाणाऱ्याचा वाटा



आजचा विषय वाचून पुष्कळांना नवल वाटले असेल. बोनस, ठेकेदारी आणि किमान वेतन यांवर बोलणारा माणूस एका नाचाच्या गाण्यावर काय बोलणार, ही शंका रास्तच आहे. मी संगीताचा जाणकार नाही. शाळाही माझी लवकर सुटली. पुढचे जे काही शिक्षण झाले ते युनियनच्या कचेरीत आणि सार्वजनिक वाचनालयात. परंतु एखादी वस्तू कोणी घडवली, ती बाजारात कशी गेली आणि तिचे पैसे कोणाच्या हाती पडले, हे विचारण्यात माझी तीस वर्षे गेली आहेत. गाणे हीदेखील माणसाने घडवलेली वस्तू आहे. तेव्हा तोच प्रश्न आज एका गाण्याला विचारावा म्हणतो.

गाणे आपल्यापैकी अनेकांनी लग्नाच्या वरातीत ऐकले असेल. ‘मुंडियाँ तो बच के’ हे त्याचे नाव. मुंडे म्हणजे पोरे. वयात आलेल्या मुलीला ‘पोरांपासून जपून राहा’ असे सांगणारे हे पंजाबी गाणे. आवाज लाभ जंजुआ यांचा. बांधणी केली ती इंग्लंडमधील कॉव्हेंट्री शहराच्या राजिंदरसिंग राय यांनी. जग त्यांना पंजाबी एमसी या नावाने ओळखते. १९९८ साली त्यांच्या ‘लीगलाइज्ड’ या संग्रहात ते आले. त्यात तुंबी आहे. तुंबी म्हणजे पंजाबचे एकतारी वाद्य, आपल्या तुणतुण्याचे चुलत भावंड म्हणा. त्या तुंबीखाली जी जड, घुमणारी सुरावट चालते ती मात्र पंजाबची नव्हे. ती १९८२ साली सुरू झालेल्या ‘नाइट रायडर’ या अमेरिकन दूरचित्रवाणी मालिकेची आहे.

चार वर्षांनी हे गाणे जर्मनीत वाजू लागले आणि २००२ साली तेथील विक्रीच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर गेले. जानेवारी २००३ मध्ये ब्रिटनमध्ये ते पाचवे आले. मग अमेरिकेतील नामांकित हिप-हॉप गायक जे-झी याने त्यात आपली कडवी घातली. ‘बिवेअर ऑफ द बॉईज’ या नावाने निघालेले हे रीमिक्स अमेरिकेच्या ‘बिलबोर्ड हॉट हंड्रेड’ यादीत तेहतिसाव्या क्रमांकापर्यंत चढले. ‘रीमिक्स’ म्हटले की आपल्याला २००२ सालचे ‘काँटा लगा’ आठवते. १९७२च्या सिनेमातले गाणे दुसऱ्या गळ्यातून पुन्हा काढलेले. येथे तसे नाही. मूळ आवाज, मूळ तुंबी, मूळ ढोल जागच्या जागी आहेत, आणि दुसरा माणूस शेजारी उभा राहून आपले म्हणणे मांडतो आहे.

आता हा क्रमांक म्हणजे काय, ते पाहू. यादीत गाणे चढले म्हणजे लोकांना आवडले, असे आपण समजतो. पण यादी आवड मोजत नाही. जे मोजायचे ठरवलेले असते तेवढेच मोजते. १९८०च्या दशकात ब्रिटनमध्ये भांगड्याच्या कॅसेटी हजारोंनी खपत होत्या. त्या खपत असत कोपऱ्यावरच्या किराणा दुकानांत, साड्यांच्या आणि मिठाईच्या दुकानांत. यादीसाठी आकडे गोळा होत ते ठराविक मोठ्या दुकानांतून. परिणाम असा झाला की घराघरांत वाजणारे संगीत यादीत औषधालाही सापडेना. रात्रीच्या नाचाला घरचे सोडत नाहीत, म्हणून मुले भर दुपारी सभागृहे भाड्याने घेऊन भांगडा नाचत होती. त्या गर्दीचीही नोंद नाही.

मित्रहो, ही गोष्ट आम्हा कामगारांना नवी नाही. ठेकेदाराचा माणूस बारा-बारा वर्षे एकाच यंत्रावर राबतो, आणि मस्टरवर त्याचे नाव नसते. कागदाच्या दृष्टीने तो कामावर नाहीच! मस्टर खोटे असते असे नाही. ते अपुरे असते, आणि ते कोणी भरायचे हे दुसऱ्याने ठरवलेले असते. म्हणून २००३ साली पाचवा क्रमांक आला तेव्हा काही ‘नवे संगीत जन्मले’ नाही. वीस वर्षे कामावर असलेल्या माणसाचे नाव त्या दिवशी मस्टरवर लागले, इतकेच.

आणि ‘जे-झीने हे गाणे वर आणले’ असेही सर्रास म्हटले जाते. सालांचा क्रम नीट लावला तर हे टिकत नाही. जर्मनी आणि ब्रिटन आधी, जे-झी नंतर. अमेरिकेचे दार त्याच्यामुळे उघडले हे खरे; पण दारापर्यंत गाणे आपल्या पायांनी चालत आले होते.

हे पाय कोणाचे, हे समजण्यासाठी कॉव्हेंट्रीकडे पाहिले पाहिजे. हे मोटारींचे आणि यंत्रांचे शहर. १९४० साली जर्मन बॉम्बफेकीत ते उद्ध्वस्त झाले. युद्धानंतर ते आणि त्याच्या भोवतीचे ओतशाळांचे प्रदेश पुन्हा उभे करण्यास हात हवे होते. पंजाबातून माणसे गेली. त्यांना मिळाली ती भट्टीपुढची आणि रात्रपाळीची कामे. याच शहरात १९३८ साली ‘इंडियन वर्कर्स असोसिएशन’ स्थापन झाली होती. पुढे वर्णभेदाशी आणि मालकांशी तिने दोन्ही आघाड्यांवर झुंज दिली.

तेथून जवळच स्मेथविक नावाचे गाव आहे. १९६० नंतरच्या त्या वर्षांत तेथे काही दारूगुत्त्यांत काळ्या-सावळ्या माणसाला गोऱ्यांच्या खोलीत बसू देत नसत. मार्शल स्ट्रीटवरील रिकामी घरे नगरपालिकेने विकत घेऊन फक्त गोऱ्यांना द्यावीत, असा घाट घातला गेला. त्या वेळी इंडियन वर्कर्स असोसिएशनच्या निमंत्रणावरून १२ फेब्रुवारी १९६५ रोजी एक पाहुणा त्या रस्त्यावरून चालत गेला. तो अमेरिकेतील काळ्यांचा पुढारी माल्कम एक्स. नऊ दिवसांनी न्यूयॉर्कमध्ये त्याचा खून झाला. त्याच वर्षी ब्रिटनच्या पार्लमेंटने सार्वजनिक ठिकाणच्या वर्णभेदाला बंदी करणारा पहिला कायदा केला.

हे मी सविस्तर सांगतो त्याला कारण आहे. २००३ साली एक काळा अमेरिकन आणि एक पंजाबी एका गाण्यात शेजारी उभे राहिले, तेव्हा पुष्कळांनी ते बाजाराचे चातुर्य मानले. बाजाराचा हात त्यात होताच. मी भोळा नाही. परंतु या दोन माणसांची ओळख बाजाराने करून दिलेली नव्हती. अडतीस वर्षांपूर्वी ती रस्त्यावर झाली होती. हिप-हॉप तरी कोठून आले? न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागात १९७३ साली जमेकातून आलेल्या कुटुंबातील कूल हर्क नावाचा तरुण दोन तबकड्या फिरवून लोकांना नाचवू लागला, तेथून त्याचा आरंभ सांगतात. वाद्ये विकत घेण्याची ऐपत नाही, तेव्हा असलेल्या तबकड्यांचेच वाद्य केले. कॉव्हेंट्रीच्या मुलाने मालिकेची सुरावट उचलली ती याच रीतीने. आणि जे-झीनेही नुसती पोरी-पोरांची थट्टा केली नाही; मार्च २००३ मध्ये इराकवर हल्ला झाला, त्या दिवसांत त्याने आपल्या कडव्यात त्या युद्धाला विरोध नोंदवला. नाचाच्या गाण्यातून एवढे म्हणणे, तेही आपल्याच सरकारविरुद्ध, ही साधी गोष्ट नव्हे.

आपल्याकडचे जाणकार म्हणतील, ही भेसळ आहे. मी त्यांना गिरणगावाकडे बोट दाखवीन. अण्णाभाऊ साठे यांनी ‘माझी मैना’ लिहिली ती छक्कडीच्या जुन्या घाटात. आत आला तो मुंबईतला कामगार आणि संयुक्त महाराष्ट्राचा लढा. तमाशाचा घाट घेऊन त्यात लढा ओतला, म्हणून लावणी बाटली नाही. तिला नवे श्रोते मिळाले. घाट कोणाचा यावर भांडण्यापेक्षा आत काय ओतले ते पाहावे.

मात्र एक भांडण केलेच पाहिजे, आणि ते वाट्याचे. या गाण्याची चर्चा झाली ती दोन नावांची: पंजाबी एमसी आणि जे-झी. ज्या गळ्यावर सगळा डोलारा उभा, त्या लाभ जंजुआंचे नाव किती जणांच्या तोंडी आहे? ते पुढे मुंबईत राहिले, हिंदी सिनेमासाठी गायले. २०१४च्या ‘क्वीन’ चित्रपटातील ‘लंडन ठुमकदा’ त्यांच्याच आवाजात आहे. ऑक्टोबर २०१५ मध्ये गोरेगावच्या राहत्या घरी त्यांचे निधन झाले. ज्यांच्या वरातीत तो आवाज वाजला त्या हजारो घरांना आपल्याच शहरातून तो आवाज गेल्याची खबरही नसेल.

आपल्याकडे गायकाला एकदा बिदागी दिली की हिशेब मिटला, अशी रीत होती. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. गीतकार आणि संगीतकारांचा रॉयल्टीचा हक्क करारात लिहून घेऊनही काढून घेता येणार नाही, असे ठरले. गायकांच्या रॉयल्टीलाही कायद्यात जागा मिळाली. २०१३ साली गायकांनी आपली ‘इंडियन सिंगर्स राइट्स असोसिएशन’ उभी केली. मोठमोठे गायकसुद्धा एकएकटे मागून दमले आणि शेवटी संघटनेकडे आले, हे मी आनंदाने सांगतो! पण कायदा पुस्तकात असून भागत नाही. किमान वेतनाचा कायदाही पुस्तकात होताच. तो कारखान्याच्या दारात आणावा लागला. आणि ज्या ढोलकीवाल्याचे, कोरसमधल्या बाईचे नाव कोठेच छापले जात नाही, त्यांनी हक्क मागायचा तरी कोणत्या कागदावर?

म्हणून माझी आपणाला विनंती साधी आहे. रीमिक्स ऐका, नाचाही. तरुण मुले ऐकतात म्हणून नाक मुरडू नका. पण गाणे आवडले तर गायले कोणी, वाजवले कोणी, हे विचारा, आणि मुलांनाही विचारायला शिकवा. आपल्या गावच्या उत्सवात बँजो पथक बोलवाल तेव्हा पुढाऱ्याच्या नावाबरोबर वाजवणाऱ्यांची नावेही फलकावर लिहा आणि ठरलेले पैसे त्याच रात्री द्या. यादीतला क्रमांक पुढच्या आठवड्यात बदलतो. केलेल्या कामाची नोंद आणि तिचा मोबदला मात्र एकदा बुडाला की सहसा परत मिळत नाही.