सटाण्याचा बाजार पाहुण्याला दाखविताना

(बागलाण तालुक्यातील शिक्षक, ग्रामपंचायत सदस्य व अधिकारी यांच्यासमोर सटाणा येथे दिलेले व्याख्यान)



आजचा विषय ऐकून आपल्यापैकी काहींच्या चेहऱ्यावर हसू उमटले, ते मी पाहिले. बाजारात हिंडावे, चार ठिकाणी चार घास खावेत, यावर व्याख्यान कशाला, असे वाटणे स्वाभाविक आहे. सटाण्याच्या आठवडेबाजारात आपण सारे लहानपणापासून हिंडत आलो आहोत. त्यासाठी कुणी वाटाड्या लागला नाही. परंतु गेल्या काही वर्षांत मुंबईपासून दिल्लीपर्यंत अनेक शहरांत ही गोष्ट रीतसर होऊ लागली आहे. आठ-दहा पाहुण्यांचा गट, एक जाणता माणूस, दोन-अडीच तासांची पायी फेरी आणि वाटेत पाच-सहा ठिकाणी थोडेथोडे खाणे, असे तिचे स्वरूप असते. मुंबईत रमजानच्या रात्री मिनारा मशिदीच्या परिसरात नळी-निहारी आणि मालपोवा चाखत असे गट फिरतात. लोक त्यासाठी पैसे मोजतात.

हा विषय आपल्या दारात का आला, ते आधी सांगतो. ११ जुलै २०२५ रोजी युनेस्कोने मराठ्यांच्या लष्करी स्थापत्याचा वारसा म्हणून बारा किल्ले जागतिक वारसा यादीत घेतले, आणि त्यांत आपला साल्हेर आहे. १५६७ मीटर उंचीचा, १६७२ च्या लढाईने गाजलेला हा किल्ला आजवर गिर्यारोहकांना ठाऊक होता; आता तो जगाच्या नकाशावर आला. मांगीतुंगीला २०१६ मध्ये भगवान ऋषभदेवांच्या १०८ फुटी मूर्तीची प्रतिष्ठापना झाल्यापासून यात्रेकरूंचा ओघ आहेच. नाशिककडून येणारी ही बहुतेक मंडळी सटाण्यावरून जातात. पण थांबतात किती? गाडीची काच खाली होते, पाण्याची बाटली घेतली जाते, काच वर होते. विंचूर-प्रकाशा रस्त्यावरून जेवढा पैसा आपल्या गावातून वाहतो, त्याचे चार थेंब तरी आपल्या बाजारात पडावेत, ही अपेक्षा अवाजवी नाही.

दाखविण्यासारखे आपल्याकडे काय आहे? मला वाटते, पुष्कळ आहे. आपल्याला ते रोजचे असल्यामुळे दिसत नाही. बागलाणच्या वाहत्या पाण्याची आणि फळांची स्तुती मोगल काळातील लेखकांनी केली आहे. मोसम आणि आरम या नद्यांवर बंधारे घालून फड पद्धतीने पाणी वाटून घेणारा हा मुलूख. पश्चिमेला साल्हेर-मुल्हेरचा डोंगर आणि रान, पूर्वेला कोरडवाहू बाजरीचे शिवार, मधल्या पट्ट्यात कांदा, द्राक्षे आणि डाळिंब. या तिन्ही भागांचा माल एका बाजारात, एकाच दिवशी, हातभर अंतरावर मांडलेला असतो. डोंगराकडच्या कोकणा आणि भिल्ल भगिनी पावसाळ्यात करटुली, बांबूचे कोंब, कुर्डूची भाजी घेऊन येतात. उन्हाळ्यात करवंदे आणतात. त्यांच्या शेजारी नागली, उडीद, कुळीथ. पुढे लाल मिरचीचे ढीग आणि काळ्या मसाल्यासाठी लागणारे धणे, खोबरे, दगडफूल. आखाजी जवळ आली की कुंभार घागरी आणि खापरे मांडून बसतात. त्या खापरावर मांडे होतात. पुरण भरलेली पोळी लाटण्याशिवाय, दोन्ही हातांवर फिरवीत फिरवीत हातभर मोठी करायची आणि पालथ्या तापल्या खापरावर अलगद टाकायची, ही कला पाहताना आमच्या शाळेत बदलून आलेले कोकणातले एक सहकारी हातातला चहा विसरून उभे राहिले होते. माहेरवाशीण, आमरस आणि मांडा यांची गाठ आखाजीला कशी पडते, हे पाहुण्याला त्या कुंभाराच्या दुकानापाशीच सांगता येते.

मग यात्रा आहे. मार्गशीर्ष वद्य एकादशीला देवमामलेदार यशवंतराव महाराजांचा रथ निघतो आणि आरमकाठी यात्रा भरते. गोडी शेव, रेवडी, जिलेबी, भजी यांचे ताव त्या दिवसांत रात्री उशिरापर्यंत पेटलेले असतात. यशवंत महादेव भोसेकर हे येथील मामलेदार. १८७०-७१ च्या दुष्काळात भुकेल्या रयतेसाठी त्यांनी सरकारी तिजोरी रिकामी केली, असे परंपरा सांगते, आणि लोकांनी त्यांना देव केले. एका महसूल अधिकाऱ्याचे देऊळ असलेले गाव आपले आहे. येथे जमलेल्या अधिकारी बंधूंना मी एवढेच आठवून देतो की ते देवपण अन्नातून आले. खाण्याची फेरी या मंदिरापासून सुरू व्हावी, असे मला वाटते ते यासाठी.

आता माझ्या हातून झालेली एक चूक सांगतो, कारण या विषयातले मर्म मला तिच्यातून कळले. काही वर्षांपूर्वी साल्हेर चढून आलेली मुंबईची सहा मंडळी माझ्याकडे उतरली होती. दुसऱ्या दिवशी आठवडेबाजार होता. मी मोठ्या उत्साहाने त्यांना घेऊन निघालो. बिबडी, कुरडया, सांडगे विकणारी एक म्हातारी बाई पोते अंथरून बसते. तिच्यापुढे आम्ही थांबलो. बिबडी कशी करतात, ज्वारी किती दिवस भिजत घालतात, उन्हात कशी थापतात, हे मी रंगून सांगू लागलो. पाहुणे खाली वाकून छायाचित्रे काढीत होते. पाऊण तास आम्ही त्या पोत्याभोवती कडे करून उभे होतो. तिचे नेहमीचे गिऱ्हाईक लांबूनच परत गेले. आम्ही निघालो तेव्हा कुणी काही घेतले नव्हते. बिबडी न भाजता खाता येत नाही आणि मुंबईला न्यायची तर मोडते, असा विचार प्रत्येकाने केला असावा. आम्ही दोन पावले गेलो असू, तोच मागून आवाज आला : “गुरुजी, फोटूना काय भाव शे?”

बाजारात हशा पिकला. मीही हसलो, पण घरी आल्यावर ते वाक्य पाठ सोडीना. तिने भाव विचारला, तो योग्यच होता. तिच्या ज्ञानावर मी व्याख्यान दिले, तिच्या मालाची शोभा पाहुण्यांनी नेली आणि तिच्या पदरात रिकामा पाऊण तास पडला. पुढच्या बाजारी मी एकटाच गेलो, बिबडी घेतली आणि विचारले की पुन्हा पाहुणे आले तर काय करावे. तिने सांगितले ते असे : ऊन चढल्यावर गर्दी असते, तेव्हा येऊ नका, सकाळी माल मांडून झाला की या. समोर उभे राहू नका, बाजूला उभे राहा. आणि शेजारच्या भजीवाल्याच्या निखाऱ्यावर मी चार बिबड्या भाजून देईन, त्याला चहाचे पैसे द्या. फेरी कशी काढावी, याविषयी यापेक्षा शहाणा सल्ला मला अजून कुणी दिलेला नाही.

मित्रहो, यातून हिशेबाचा प्रश्न येतो. एक कल्पित उदाहरण घेऊ. आठ पाहुणे, प्रत्येकी पाचशे रुपये. म्हणजे चार हजार जमले. पाच ठिकाणी माणशी साठ रुपयांचे खाणे धरले तर दोन हजार चारशे रुपये थेट विक्रेत्यांना जातात. वाटाड्याला आठशे, बाजाराच्या स्वच्छतेसाठी चारशे, पाणी-पत्रावळीला चारशे. हा हिशेब उलटा झाला, म्हणजे वाटाड्याला अडीच हजार आणि विक्रेत्याला “चव पाहू द्या हो” एवढेच, तर ती फेरी बाजाराच्या पाठीवर बसलेली आहे असे समजावे. चवीपुरते फुकट मागू नये. आपल्याकडच्या विक्रेत्याला पाहुण्याकडून पैसे मागण्याचा संकोच असतो. त्या संकोचाचा फायदा घेणे बरे नव्हे.

दुसरी भीती अधिक मोठी आहे. पाहुणे येऊ लागले की बाजार “सुंदर” करण्याची इच्छा आपल्याला होते. फरशी बसते, एकसारखे गाळे उभे राहतात, आणि पोत्यावर बसणारी बाई त्या गाळ्याचे भाडे देऊ शकत नाही म्हणून वेशीबाहेर जाते. ज्यासाठी पाहुणा आला तेच नाहीसे होते. हे टाळण्याचे साधन कायद्याने दिले आहे. २०१४ च्या पथविक्रेता अधिनियमाप्रमाणे शहरांत नगर पथविक्रेता समिती असावी लागते. तिच्यात किमान चाळीस टक्के सदस्य विक्रेत्यांनी निवडलेले आणि त्यांतील एक तृतीयांश स्त्रिया असाव्या लागतात. सर्वेक्षण होऊन प्रमाणपत्र मिळेपर्यंत कुणाला उठविता येत नाही. हा कायदा शहरी भागापुरता आहे. ताहाराबाद, नामपूर यांसारख्या गावांच्या बाजारांचा कारभार ग्रामपंचायतीच्या हाती असतो, म्हणून तेथील सदस्यांची जबाबदारी वाढते. बाजार-फीचा लिलाव करताना ठेकेदाराशी जो करार होतो, त्यात डोक्यावर पाटी घेऊन येणाऱ्या विक्रेत्याकडून किती घ्यायचे आणि काय सवलत द्यायची, हे कलम स्पष्ट लिहून घ्यावे.

सिंगापूरचे उदाहरण येथे सांगण्यासारखे आहे. त्या शहराने १९६८-६९ मध्ये पथविक्रेत्यांची नोंदणी केली आणि १९७१ ते १९८६ या काळात त्यांना नळ, गटार आणि वीज असलेल्या केंद्रांत बसविले. २०२० मध्ये युनेस्कोने ती खाद्यसंस्कृती मानवाच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतली. म्हणजे आधी नळ आणि गटार आले, कौतुक नंतर. इंदूरच्या सराफ्यातही शिकण्यासारखे आहे. दिवसा सोन्याचांदीची पेढी, रात्री तिच्याच ओट्यावर खाण्याची दुकाने. एकच जागा दोघांनी वाटून घेतली आणि रात्रीच्या वर्दळीने पेढ्यांची राखणही झाली. आपल्या फड पद्धतीत पाण्याची जशी पाळी असते तशीच ही जागेची पाळी म्हणा ना.

सरकारने २०२३ मध्ये देशभरात शंभर स्वच्छ खाद्यपथ उभारण्यासाठी प्रत्येकी एक कोटी रुपयांची योजना जाहीर केली. सटाण्याने त्या रकमेची वाट पाहत बसावे, असे मी म्हणणार नाही. आपल्याला मुख्यतः पाणी हवे. बाजारतळावर पिण्याच्या पाण्याचे दोन नळ, हात धुण्याची वेगळी जागा, सांडपाण्याला उतार आणि स्त्रियांसाठी दाराला कडी असलेले स्वच्छतागृह, एवढे झाले तर निम्मे काम झाले. दिवसभर बाजारात बसणाऱ्या भगिनी पाणी पीत नाहीत, कारण जायला जागा नसते. हे आपल्यापैकी अनेकांना ठाऊक आहे आणि आपण त्याबद्दल बोलत नाही. पाहुण्यांच्या निमित्ताने ते झाले तरी हरकत नाही.

खाण्याच्या बाबतीत थोडे सावध राहावे. समोर तळलेले, समोर भाजलेले द्यावे. भजी, भाजलेली बिबडी, तव्यावरची गरम भाकरी आणि ठेचा यांत धोका कमी. उघडी चटणी, बर्फ घातलेले सरबत पहिल्या फेरीत नको. अन्नसुरक्षा कायद्याखाली लहान विक्रेत्यांनाही नोंदणी करावी लागते. ती करताना दमदाटी न करता अर्ज भरून देण्याचे काम आपल्या कार्यालयाने एका सकाळी बाजारातच बसून केले, तर विक्रेते स्वतःहून येतील.

शिक्षकांसाठी एक निराळे काम आहे. वाटाडे बाहेरून आणू नयेत. अहिराणी बोलणारी, आईबरोबर बाजार केलेली आपली दहावी-बारावी झालेली मुले-मुली हे काम उत्तम करतील. त्यांना वही देऊन बाजारात पाठवा. शेर, पायली, मापटे ही मापे कुणाच्या हाती अजून आहेत. “वाटा” लावून विकताना बाई शेवटी मूठभर अधिक का घालते. डाळिंबावर “तेल्या” पडला तेव्हा कोणत्या गावचा माल बंद झाला. हे सारे त्यांनी विचारून लिहून आणावे. विचारताना काहीतरी विकतही घ्यावे, ही अट ठेवा. एका वर्षात अशी वही भरली तर तिच्याइतके चांगले माहितीपत्रक कुठल्याही छापखान्यात निघणार नाही.

माझी एक सूचना आहे आणि तेवढी करून मी थांबतो. पहिली फेरी पाहुण्यांची नसावी, आपली असावी. पाणीपुरवठ्याचे अभियंता, आरोग्य निरीक्षक, दोन शिक्षक, दोन शिक्षिका, दोन ग्रामपंचायत सदस्य, असे आठ जण पुढच्या बाजारी सकाळी साडेआठ वाजता देवमामलेदारांच्या मंदिराशी जमू. पद घरी ठेवून यावे, छायाचित्रे विचारून काढावीत. प्रत्येकाने आपले पाचशे रुपये आणावेत; आणि सुटे आणावेत, कारण सकाळी सकाळी त्या म्हाताऱ्या बाईंकडे मोड नसते.