उघड पगाराचा खेळाडू : हॅरी राइट



बेसबॉलच्या पहिल्या थोर व्यवस्थापकाची गोष्ट क्रिकेटच्या मैदानावर सुरू होते. हॅरी राइटचा जन्म १८३५ चा, इंग्लंडमधल्या शेफील्डचा. वडील सॅम्युएल क्रिकेट खेळून पोट भरणारे. न्यू यॉर्कच्या सेंट जॉर्ज क्रिकेट क्लबने त्यांना नोकरी दिली आणि पोरगा तिथेच वाढला. पुढे त्याच क्लबात तो स्वतः पगारी गोलंदाज झाला. नदीपलीकडे होबोकेनला बेसबॉलचे डाव रंगत. हॅरी तिकडे ओढला गेला.

त्या काळी बेसबॉल हा हौशी, खाऊनपिऊन सुखी लोकांचा खेळ मानला जाई. खेळाडूला पैसे देण्यास बंदी होती. पण चांगला खेळाडू हवा म्हणून क्लब गुपचूप पैसे देत, कुठेतरी नावापुरती नोकरी लावून देत. खेळात पैसा आला की खेळ नासतो, असं आपण सहज बोलून जातो. मला वाटतं, नासाडी या चोरट्या व्यवहाराने जास्त झाली. क्रिकेटमध्ये बापाला उघड पगार घेताना पाहिलेल्या हॅरीला त्यात कमीपणा वाटायचं कारणच नव्हतं.

१८६५ मध्ये तो सिनसिनाटीला गेला, तोही क्रिकेटच्याच नोकरीवर. मग शहराच्या बेसबॉल क्लबाने त्याला आपल्याकडे घेतलं. १८६९ च्या हंगामासाठी बेसबॉल क्लबांच्या संघटनेने व्यावसायिक खेळाडूंना मान्यता दिली आणि हॅरीने सगळाच्या सगळा संघ उघड पगारावर उभा केला. सर्वांत मोठा पगार, १४०० डॉलर, धाकटा भाऊ जॉर्ज याला. कर्णधार हॅरीला १२००. वशिला म्हणावा तर जॉर्ज हा त्या काळचा सर्वोत्तम शॉर्टस्टॉप, म्हणजे दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसमधला क्षेत्ररक्षक, होता! गुडघ्यापर्यंतची विजार आणि लाल मोजे हा त्यांचा वेश, म्हणून नाव पडलं ‘रेड स्टॉकिंग्ज’. चेंडू एकाकडे गेला तर त्याच्या मागे दुसऱ्याने धावायचं, झेल कोणी घ्यायचा ते ओरडून सांगायचं, रोज सराव करायचा, हे हॅरीने त्यांच्या अंगवळणी पाडलं. महासागरापासून महासागरापर्यंतची रेल्वे मे महिन्यात पुरी झाली होती. सप्टेंबरात हा संघ सॅन फ्रान्सिस्कोत खेळत होता. त्या वर्षी ५७ विजय, हार एकही नाही.

आता १४ जून १८७०. ब्रुकलिनच्या कॅपिटोलाइन मैदानावर ॲटलांटिक्सशी सामना. नऊ डाव संपले तेव्हा ५-५. बरोबरीवर ॲटलांटिक्स खूश होते. प्रेक्षक मैदानात शिरले होते. नियम असा की दोन्ही कर्णधार राजी असतील तरच बरोबरी. हॅरी राजी झाला नाही. अकराव्या डावात त्याच्या संघाने दोन धावा काढल्या आणि सामना खिशात आला असं वाटलं. मग ॲटलांटिक्सने एक धाव फेडली आणि त्यांचा कर्णधार बॉब फर्ग्युसन फलंदाजीला आला. होता उजवा, उभा राहिला डावा. कारण एकच, चेंडू जॉर्ज राइटच्या बाजूला जाऊ नये. तो फटका बरोबरी करून गेला, आणि पुढच्या चेंडूफेकीत गफलत झाली तेव्हा विजयाची धावही फर्ग्युसनचीच. ८-७. अपराजित राहून घरी जायची वाट मोकळी असताना हॅरीने निकाल मागितला. मला तो माणूस या हारीत सर्वांत मोठा दिसतो.

पुढे गर्दी ओसरली, खर्च परवडेना, आणि सिनसिनाटीचा क्लब वर्षअखेरीस हौशी खेळाकडे परतला. हॅरी जॉर्जला घेऊन बोस्टनला गेला. लाल मोजेही सोबत गेले. १८७२ ते १८७५ सलग चार अजिंक्यपदं, नंतर नॅशनल लीगमध्ये १८७७ आणि १८७८ ची आणखी दोन. लग्नघरातल्या कर्त्या माणसासारखं सगळं त्याच्याच अंगावर असे : रेल्वेची तिकिटं, हॉटेल, प्रतिस्पर्ध्यांशी पत्रव्यवहार, गल्ल्याचा हिशेब. त्याची पत्रं आणि वह्या आजही न्यू यॉर्क पब्लिक लायब्ररीत आहेत. १८७४ मध्ये त्याने दोन संघ इंग्लंडला नेले, लॉर्ड्सवर बेसबॉल दाखवला. पैशाच्या दृष्टीने दौरा आतबट्ट्याचा ठरला.

नंतर प्रॉव्हिडन्स, आणि १८८४ पासून दहा हंगाम फिलाडेल्फिया. १८९० मध्ये काही महिने त्याची दृष्टी गेली होती, तरी तो पुन्हा संघाकडे परतला. १८९५ मध्ये तो वारला.

कूपर्सटाउनच्या हॉल ऑफ फेममध्ये जॉर्जची निवड १९३७ मध्ये झाली, हॅरीची १९५३ मध्ये. जॉर्जच्या खेळाबद्दल पूर्ण आदर बाळगून सांगतो, हा क्रम उलटा असायला हवा होता.