'खरी मराठी बाई' कोणती?

पाडव्याला गिरगावच्या शोभायात्रेतले फोटो मोबाइलवर फिरतात: नऊवारी, नथ, फेटा, बुलेट. खाली लिहिलेलं असतं, 'शेकडो वर्षांची परंपरा'. अहो, अशा यात्रा १९९० च्या दशकाच्या अखेरीस डोंबिवलीत सुरू झाल्या, आपल्या डोळ्यांदेखत! बुलेटवरच्या मुलींचं मला कौतुकच आहे. पण लालबाग-परळच्या खानावळवाल्या बायका रोज नऊवारीतच गिरणी कामगारांसाठी रांधत. १९७५ साली प्रेमा पुरव यांनी त्यांचं अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं, बँकेची कर्जं मिळवून दिली. त्यांचे फोटो कोणी फिरवत नाही.

यंदा माझ्या भाचीनं यात्रेतला पंजाबी ड्रेसमधला फोटो टाकला. अनोळखी माणसांनी तिला 'संस्कार' शिकवले, शिव्यांसकट. तिनं फोटो काढून टाकला. मी म्हटलं, पुन्हा टाक. अजून टाकलेला नाही.