शब्दावाचून बोलणारा नट



गोदाकाठच्या या नाशिकनगरीत स्वागत समितीच्या वतीने मी आपले मनःपूर्वक स्वागत करतो. दादासाहेब फाळके यांचा जन्म इथून जवळच, त्र्यंबकेश्वरचा. ‘राजा हरिश्चंद्र’ गाजल्यावर १९१३ साली त्यांनी आपला चित्रपटाचा कारखाना नाशिकलाच हलवला. मूकपटाची बोली या मातीला नवी नाही, म्हणूनच फ्रेंच मूकनाट्यपटांवरची ही परिषद इथे भरते याचा आनंद मोठा आहे.

फ्रान्समध्ये सिनेमा आधी जत्रेतली करमणूक होती. त्याला नाटकाची प्रतिष्ठा मिळावी म्हणून ‘फिल्म दार’ ही कंपनी निघाली. १७ नोव्हेंबर १९०८ रोजी पॅरिसमध्ये तिचा ‘ड्यूक द गीझचा खून’ हा मूकपट झळकला. लेखन आंरी लावदां यांचे, दिग्दर्शन शार्ल ल बार्जी आणि आंद्रे कालमेत यांचे, नट बव्हंशी ‘कोमेदी फ्रांसेज’ या नाट्यसंस्थेचे. कामीय सँ-साँस यांनी खास त्यासाठी संगीत रचले. त्या वाद्यमेळात हार्मोनियमही होती. आपल्या संगीत रंगभूमीने जीव लावलेली पेटी तिथेही मूकपटाच्या साथीला बसली होती!

पल्लेदार वाक्ये गाजवणाऱ्या या नटांकडे इथे आवाजच नव्हता. कॅमेरा दूर उभा, नट नखशिखांत दिसणार. चेहऱ्याइतकेच खांद्याला, पावलाला, बोटांना बोलावे लागले. राजा तिसरा आंरी झालेले ल बार्जी पाहा. मारेकऱ्यांचे काम आटोपते, राजा आडोशाबाहेर येतो. त्याचा शत्रू ड्यूक निष्प्राण पडला आहे, तरी राजाचे पाऊल जपूनच पडते. सत्ता त्याची, पण भीती अजून उतरलेली नाही. एवढे सगळे त्या चालण्यात आहे.

मूकाभिनय म्हणजे हातवारे आणि डोळे वटारणे, असे आपण सहज म्हणून जातो. मला ते मान्य नाही. शब्द नसले की खोटे लपवायला जागा उरत नाही. म्हणून हा अभिनय मला सर्वांत प्रामाणिक वाटतो.

आज संध्याकाळी ‘ड्यूक द गीझचा खून’ आपण पेटीच्या साथीवर पाहणार आहोत. तेव्हा त्या राजाची पावले अवश्य पाहा. पाहुणचारात काही उणे राहिले, तर आपले समजून सांभाळून घ्या.