गाठींचा हिशोब

बैठकीत वही पुढे केली की काही जणी म्हणतात, "ताई, आम्हाला कुठं लिहिता येतं?" त्यांच्यासाठी आज दक्षिण अमेरिकेतल्या पेरू देशाची गोष्ट.

पाचशे वर्षांपूर्वी तिथं इंका लोकांचं मोठं राज्य होतं. त्यांच्याकडे आपल्यासारखी अक्षरं नव्हती. हिशोब ठेवायचे दोऱ्यांच्या गाठींत. त्याला किपू म्हणत. जाड दोरीला सुताचे नाहीतर लोकरीचे दोरे बांधलेले. खाली एककाच्या गाठी, त्यावर दशकाच्या, त्यावर शतकाच्या. मोकळी जागा म्हणजे शून्य.

१५३२ मध्ये स्पॅनिश सैन्य आलं. पुढे त्यांनी हौहा खोऱ्यातून मका, कापड, लामा जनावरं नेली. तिथल्या लोकांनी नेलेल्या मालाची नोंद गाठींत ठेवली. १५६१ मध्ये लिमाच्या न्यायालयात त्याच गाठी वाचून दाखवल्या आणि कारकुनांनी तो हिशोब कागदावर उतरवून घेतला. नोंद होती, म्हणून तोंड उघडता आलं.

तर सयांनो, वही सचिवांकडे असू द्या, पण खूण आपल्याजवळही हवी. हप्ता भरला की दोऱ्याला एक गाठ मारा. महिन्याच्या बैठकीत गाठी मोजा, वहीशी जुळवा. जुळलं नाही तर बिनधास्त विचारा. पैसा आपला आहे.