इशारा : एक शब्द, दोन अर्थ

(संस्थेच्या पालक-मेळाव्यात केलेले भाषण)



‘चिन्हमीमांसा आणि संज्ञापन’ असा विषय मला देण्यात आला आहे. नाव भारदस्त असले तरी विषय आपल्या घरातलाच आहे. एकाच्या मनातले दुसऱ्याच्या मनात कसे पोचते आणि पुष्कळदा का पोचत नाही, याचा विचार म्हणजे हे शास्त्र. प्रथम माझी एक चूक आपल्यापुढे कबूल करतो.

काही वर्षांपूर्वी नववीच्या वर्गातील एक मुलगी वरचेवर गैरहजर राहू लागली. मी तिच्या वहीत लिहिले, ‘उपस्थिती फार कमी आहे. हा शेवटचा इशारा समजावा.’ खाली वडिलांची सही आली. मुलगी मात्र आली नाही. पुढे मी घरी गेलो. वडिलांनी कपाटातून ती वही काढली आणि म्हणाले, ‘‘मास्तरसाहेब, शेजारच्या मुलाकडून वाचून घेतलं. आपण इशारा केलात, पण कशाचा ते उमगलं नाही.’’ त्यांचे शिक्षण उर्दू चौथीपर्यंतचे. त्यांच्या भाषेत इशारा म्हणजे खूण, संकेत. माझ्या मराठीत इशारा म्हणजे ताकीद. शब्द पोचला, अर्थ वाटेतच राहिला. मुलीचे ते वर्ष वाया गेले. पुढच्या जूनमध्ये ती पुन्हा वर्गात बसली.

असे का होते? जिनिव्हाचे भाषापंडित फर्दिनां द सोस्यूर यांनी याचे उत्तर दिले. त्यांच्या निधनानंतर 1916 साली, विद्यार्थ्यांच्या टिपणांवरून त्यांची व्याख्याने ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे : शब्दाचा ध्वनी आणि त्याचा अर्थ यांचे नाते निसर्गाने जोडलेले नाही, ते समाजाने रूढ केलेले असते. म्हणून समाज बदलला की नाते बदलते. विद्यार्थी मित्रांनो, हिंदीत ‘शिक्षा’ म्हणजे शिक्षण, आणि मराठीत ‘शिक्षा’ म्हणजे काय हे आपल्याला मी सांगायला नको!

अमेरिकेचे चार्ल्स सँडर्स पर्स यांनी चिन्हांचे तीन प्रकार सांगितले. ओळखपत्रावरचा फोटो माणसासारखा दिसतो, ते साम्यचिन्ह. धूर दिसला की विस्तव असणार, ते कार्यकारणाने जोडलेले चिन्ह. आणि रस्त्यावरचा लाल दिवा म्हणजे ‘थांबा’, हे केवळ ठरवलेले चिन्ह. चिन्हांचे सामर्थ्य कमी समजू नका. 1951 च्या जनगणनेत देशातील साक्षरता सुमारे 18 टक्के होती. तरीही 1951-52 च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत मतपेट्यांवरील चित्रे ओळखून कोट्यवधी निरक्षरांनी मतदान केले.

1948 साली क्लॉड शॅनन या अमेरिकन गणितज्ञ-अभियंत्याने संदेशवहनाचा आराखडा मांडला : पाठवणारा, वाट, घेणारा, आणि वाटेत मिसळणारा गोंगाट. परंतु संदेशाच्या अर्थाचा प्रश्न त्यांनी मुद्दाम बाजूला ठेवला. त्यांचे काम तारायंत्र-टेलिफोनचे होते. आपल्याला तसे करून चालणार नाही. आज शाळेची सूचना मोबाइलवर क्षणात पोचते. पोचली याचा अर्थ समजली असा नव्हे.

आणि हा विचार केवळ पाश्चात्त्यांचा आहे असे समजू नका. नवव्या शतकात बसरा शहरात अल्-जाहिज नावाचे थोर ग्रंथकार होऊन गेले. ‘किताब अल्-बयान वत्-तब्यीन’ या ग्रंथात त्यांनी मनातला आशय प्रकट करण्याची पाच साधने सांगितली : उच्चारलेला शब्द, इशारा म्हणजे हावभाव, बोटांवरील गणती, खत म्हणजे लेखन, आणि पाचवे ‘हाल’, म्हणजे वस्तूची अवस्थाच न बोलता जे सांगते ते. यांतले कितीतरी शब्द आपल्या मराठीत आले, पण घर बदलताना अर्थही बदलून आले. ‘खत’ आपल्याकडे खरेदीखतात आहे. ‘हाल’ म्हणजे आपल्याकडे कष्ट, यातना.

त्या मुलीकडे पुन्हा पाहिले तेव्हा मला हे पाचवे साधन समजले. आई आजारी होती, धाकटा भाऊ कडेवर होता. वर्गात तिचे डोळे पेंगत, गृहपाठ अर्धा राही. तिचे हाल, दोन्ही अर्थांनी, माझ्यासमोर उघडे होते. मी हजेरीपट वाचत होतो, मुलगी वाचत नव्हतो.

पालकहो, तीन विनंत्या करतो. शाळेचा कागद आला की सही करण्यापूर्वी त्याचा अर्थ विचारा; विचारण्यात कमीपणा नाही. घरची अडचण शाळेला सांगा. न सांगितलेले आम्ही चुकीचे वाचतो. आणि मूल गप्प झाले तर तो उद्धटपणा आहे की भीती, की थकवा, हे शांतपणे विचारून पाहा.

विद्यार्थी मित्रांनो, तुम्ही घरी एक भाषा, मदरशात दुसरी आणि शाळेत तिसरी ऐकता. याला ओझे समजू नका. एकाच शब्दाची दोन घरे ज्याला ठाऊक आहेत, तोच त्यांच्यामधला दुभाषा होऊ शकतो. उद्या वडिलांना वही वाचून दाखवाल तेव्हा नुसते शब्द वाचू नका, अर्थ सांगा.

आणि आम्हा शिक्षकांसाठी मी एक नियम केला आहे. वहीत ‘इशारा’ लिहिण्यापूर्वी एकदा त्या घरी जाऊन यायचे.